हायकोर्टाजवळचं टायपिंगचं दुकान आणि आमची 41 झाडं

इंदूरला एमजी रोडवर हायकोर्टाच्या आसपास टायपिंग-फोटोकॉपीची पुष्कळ दुकानं आहेत, त्यातल्या एका दुकानाबद्दल लिहितेय. नाव देत नाही कारण दुकानाच्या दादांनीच नको म्हटलं, त्यांच्याकडे दोन कॉम्प्युटर आणि दोनच माणसं, गर्दी वाढली की पेजिंग चुकतं आणि पेजिंग चुकलं की रजिस्ट्रीतून, म्हणजे कोर्टाच्या कागद तपासणाऱ्या ऑफिसातून, डिफॉल्ट म्हणजे त्रुटी निघतात असं त्यांचं म्हणणं. पण दुकानाचं काम काय प्रतीचं आहे ते लिहायलाच हवं, कारण झाडं तोडण्याच्या सरकारी परवानगीविरुद्ध कोर्टात जायची वेळ आज इंदुरात कुठल्याही कॉलनीवर येऊ शकते, आणि तेव्हा कागद कुठे आणि कसे करून घ्यायचे हे कोणी सांगत नाही. आम्हालाही कोणी सांगितलं नव्हतं.

आमचं प्रकरण थोडक्यात. कॉलनीबाहेरचा रस्ता रुंद करायचा म्हणून एका सरकारी विभागानं दोन्ही बाजूंची 41 झाडं तोडायची परवानगी घेतली होती. कडुनिंब जास्त, मग करंज, गुलमोहर, दोन जांभळं, एक पिंपळ आणि कोपऱ्यावरची म्हातारी चिंच. आम्हाला हे कळलं ते मार्चच्या मध्यात खोडांवर पांढऱ्या पेंटनं आकडे दिसले तेव्हा, चिंचेवर 17 लिहिलं होतं. माहितीच्या अधिकाराचा अर्ज टाकला, 10 रुपये फी, 30 दिवसांची मुदत, 27 व्या दिवशी पत्र आलं की पानामागे 2 रुपये भरा, मग 63 पानांचे 126 रुपये भरले आणि फाइलीची कॉपी हातात आली. पण त्याच्या आधीच, एप्रिलमधल्या एका रविवारी सकाळी सातला मशीन घेऊन माणसं आली आणि चिंच पाडली. लोक जमले, आरडाओरडा झाला म्हणून बाकीची 40 त्या दिवशी राहिली. मी खाली गेले तेव्हा बुंधा ओला होता, बाहेरून पिवळसर आणि आत काळपट जांभळा, आणि सासूबाई गॅलरीतून नुसत्या बघत होत्या, त्या दिवशी त्या जेवल्या नाहीत. त्यांच्या लग्नाच्या आधीपासूनचं झाड होतं ते.

मी एलआयसीचं काम करते, फॉर्म, सह्या, झेरॉक्स हे माझं रोजचंच, त्यामुळे कॉलनीनं कागदांचं काम माझ्याच गळ्यात घातलं. पहिली चूक माझीच झाली. ऑनलाइन एक लीगल ड्राफ्टिंगची सर्व्हिस सापडली, 4500 रुपये भरले, चार दिवसांत ड्राफ्ट आला. 19 पानं. त्यातली 11 पानं झाडं म्हणजे पृथ्वीची फुप्फुसं, ऋषीमुनी, ऑक्सिजन, जागतिक तापमान अशी. आमच्या रस्त्याचं नाव दोनदा, परवानगीचा नंबर एकदा आणि तोही चुकीचा. तेव्हा मला तो ड्राफ्ट फार सुंदर वाटला होता, वाचताना डोळ्यांत पाणी आलं. आमच्या वकीलसाहेबांनी तो पाच मिनिटं चाळला आणि बाजूला ठेवला, म्हणाले ताई, झाडं चांगली असतात हे जजसाहेबांना माहीत आहे, सरकारला पण माहीत आहे, तुमच्या फाइलीत काय चुकलंय ते कुठे आहे यात? आणि त्यांनीच या दुकानाचा पत्ता दिला, तिथे जाऊन आधी लिस्ट ऑफ डेट्स, म्हणजे घटनांची तारीखवार यादी, करून घ्या म्हणाले.

गुरुवारी दुपारी दोनला मी आणि शेजारचे काका तिथे पोचलो. दुकान म्हणजे एका जिन्याखालची जागा, समोर काउंटर, मागे दोन टेबलं, भिंतीला लावलेले हिरव्या फायलींचे गठ्ठे, आणि पंखा असा की कागदावर वजन ठेवल्याशिवाय काम होत नाही, त्यासाठी त्यांनी नर्मदेतले गोल गोटे ठेवलेत. दादा मूळचे रामबागेकडचे, मराठी बोलतात पण आपल्या इंदुरी वळणाचं, अर्धं वाक्य हिंदीत जातं. टायपिंग करणाऱ्या दीदी हिंदी भाषक, त्यांचा इंग्रजी टायपिंगचा वेग बघण्यासारखा आहे. मी ड्राफ्टचा पेनड्राइव्ह पुढे केला तर दादांनी तो घेतलाच नाही. म्हणाले, "मायना नंतर बघू ताई. पहिले सगळे कागद तारखेनं लावा."

मग त्या 63 पानांचा ढीग काउंटरवर पसरला. ऑफिसची फाइल उलटी लागलेली असते, नवा कागद वर, जुना खाली, त्यात कुठल्या पानावर तारीख सहीखाली, कुठल्या पानावर शिक्क्यात, कुठे आवक नंबराशेजारी पेननं. दादा एकेक पान उचलायचे, तारीख मोठ्यानं वाचायचे, दीदी टाइप करायच्या, काका पान जागेवर लावायचे. चाळीसेक मिनिटं हेच चाललं. आणि मग दादा थांबले. परवानगीचा आदेश 3 मार्चचा. त्यात लिहिलंय, "स्थल निरीक्षण के उपरांत अनुमति प्रदान की जाती है". आणि स्थळ पाहणीचा पंचनामा, ज्यावर तीन सह्या आहेत, तो 12 मार्चचा. म्हणजे झाडं बघायच्या नऊ दिवस आधी झाडं बघून परवानगी दिली. दादांनी पेन्सिलनं दोन्ही तारखांखाली बारीक रेघ मारली आणि पंचनाम्यातल्या यादीवर बोट ठेवून झाडं मोजायला लागले. 38 होती. आदेशात 41. तीन झाडं कुठून आली याचा एक कागद त्या फाइलीत नव्हता.

मी त्या 63 पानांचा आठवडाभर अभ्यास केला होता. चार वेळा वाचली होती. मला हे दिसलं नव्हतं, कारण मी प्रत्येक पान वेगळं वाचत होते आणि प्रत्येक पानावर मला रागच येत होता. तारखेनं लावल्यावर ते आपोआप बोलायला लागलं. या एका गोष्टीसाठी मी या दुकानाला पाचपैकी पाच देते, बाकीच्या तक्रारी पुढे लिहिते.

आता हे इतकं महत्त्वाचं का, ते वकीलसाहेबांनी संध्याकाळी तिथेच उभं राहून समजावलं आणि ते मला जसं कळलं तसं सांगते. सरकारनं काही निर्णय घेतला आणि आपण हायकोर्टात संविधानाच्या कलम 226 खाली रिट म्हणजे याचिका टाकली, तर कोर्ट त्या निर्णयावर अपील ऐकत बसत नाही. रस्ता सहा मीटर हवा की नऊ, तिथे झाड बरं की फुटपाथ, हे कोर्ट स्वतः ठरवत नाही. कोर्ट बघतं की निर्णय घ्यायची जी रीत होती ती पाळली का, अधिकार होता त्यानंच सही केली का, जे बघायला हवं होतं ते बघितलं का, आणि निर्णय इतका अतार्किक तर नाही की कुठला शहाणा अधिकारी तो घेणारच नाही. 1994 च्या टाटा सेल्युलर केसपासून हे अगदी पक्कं आहे, ती केस टेंडरची होती पण तत्त्व सगळीकडे लागतं. आणि अजून एक, मला सगळ्यात आवडलेलं, 1978 ची मोहिंदर सिंग गिल केस, निवडणूक आयोगाविरुद्धची. त्यात सुप्रीम कोर्टानं सांगितलं की सरकारी आदेश हा त्यातच लिहिलेल्या कारणांवर उभा राहतो किंवा पडतो, नंतर कोर्टात अ‍ॅफिडेव्हिट लावून नवी कारणं त्याला चिकटवता येत नाहीत. म्हणजे 3 मार्चच्या आदेशात "पाहणीनंतर" लिहिलं आणि पाहणी झालीच नव्हती, तर उद्या कोर्टात येऊन आम्ही तोंडी बघितलं होतं म्हणणं अवघड. आमची अख्खी केस त्या एका शब्दावर उभी राहिली, "उपरांत".

पर्यावरणाच्या केसमध्ये यावर अजून एक थर असतो. 1996 च्या वेल्लोर केसपासून प्रिकॉशनरी प्रिन्सिपल आपल्या कायद्याचा भाग मानलं जातं, म्हणजे नुकसान भरून न येणारं असेल तर पुरावा पूर्ण नाही या सबबीवर काळजी घेणं टाळता येत नाही. पण दुसरी बाजू पण खरी आहे, 2011 च्या लाफार्ज केसमध्ये सुप्रीम कोर्टानं म्हटलं की अशा मंजुऱ्यांमध्ये निर्णय घेणाऱ्याला थोडी मोकळीक द्यावी लागते, त्यानं सगळं बघून, प्रक्रिया पाळून निर्णय घेतला असेल तर कोर्ट सहसा हात घालत नाही. म्हणून नुसती भावना घेऊन कोर्टात गेलेले लोक हरतात. गोव्यातल्या मोपा विमानतळाची केस बघा, पन्नास हजारांवर झाडांचा प्रश्न होता, 2019 च्या मार्चमध्ये सुप्रीम कोर्टानं पर्यावरण मंजुरी थांबवली, आणि ती झाडांच्या प्रेमापोटी थांबवली नाही, तर अर्जाच्या फॉर्ममध्ये आजूबाजूच्या संवेदनशील भागाची माहितीच नीट दिली नव्हती आणि तज्ज्ञ समितीनं त्या तुटपुंज्या माहितीवर मान डोलावली म्हणून. पुन्हा तपासायला लावलं, आणि 2020 च्या जानेवारीत अटी घालून रस्ता मोकळा केला. हे जजमेंट मी त्या दुकानात स्टुलावर बसून वाचलं, कारण फ्लॅग लावायचं काम माझ्याकडे होतं.

कुठे जायचं, हायकोर्टात की भोपाळला एनजीटीत म्हणजे राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणात, हा प्रश्न पण तिथेच सुटला. लोक सरसकट म्हणतात झाडांचं ना, मग ग्रीन ट्रिब्युनल. तसं नाहीये. एनजीटीच्या 2010 च्या कायद्याला एक यादी जोडलेली आहे, त्यात सात कायदे आहेत, पाण्याचे दोन, हवेचा, 1980 चा वनसंवर्धन कायदा, 1986 चा पर्यावरण संरक्षण कायदा, जैवविविधता आणि पब्लिक लायबिलिटी इन्शुरन्सचा. शहरातल्या झाडांसाठी आपल्या मध्य प्रदेशचा जो 2001 चा वृक्ष परिरक्षण कायदा आहे, ज्यात वृक्ष अधिकाऱ्याची परवानगी लागते, तो त्या यादीत नाही. आमचा सगळा वाद त्या परवानगीचाच होता. शिवाय एनजीटीला मुदत असते, साधारण वादासाठी सहा महिने आणि वर फार तर 60 दिवस, मंजुरीविरुद्धच्या अपीलाला तर 30 दिवस आणि वर 60. फी मात्र कमी आहे, नुकसानभरपाई मागत नसाल तर 1000 रुपये. ज्यांच्या प्रकरणात जंगल जमीन आहे किंवा केंद्राची पर्यावरण मंजुरी आहे त्यांनी तिकडेच जावं. आणि एनजीटी आहे म्हणून हायकोर्टाचा दरवाजा बंद होतो असंही कोणी सांगितलं तर ऐकू नका, 2022 मध्ये सुप्रीम कोर्टानं आपल्याच मध्य प्रदेश हायकोर्टाच्या वकील संघटनेच्या केसमध्ये स्पष्ट म्हटलंय की एनजीटी कायद्यामुळे 226 आणि 227 खालचा हायकोर्टाचा अधिकार जात नाही.

दुकानाच्या कामाकडे परत येते. फोटोंच्या बाबतीत दादा फार कडक आहेत आणि ते बरोबर आहे. आमच्याकडे व्हॉट्सअ‍ॅपवर फिरलेले 200 फोटो होते, त्यांनी एक घेतला नाही. ज्याच्या फोनमधून काढला त्याचाच ओरिजिनल आणा, तारीख, वेळ आणि लोकेशन दिसणारा. काकांचा नातू जीपीएस मॅप कॅमेरा अ‍ॅप वापरतो, त्याचे 46 फोटो निघाले, ते झाडाच्या नंबराप्रमाणे लावले, एका पानावर दोन, खाली झाडाची जात आणि घेर. घेर आम्ही कॉलनीतल्या बायकांनी शिंप्याच्या टेपनं मोजला होता, छातीच्या उंचीवर, टेप अपुरी पडली की दोन जोडून. सोबत भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 चं सर्टिफिकेट त्यांनी करून दिलं, आधी 65-बी म्हणायचे ते, 1 जुलै 2024 पासून नवा कायदा लागू झाल्यावर फॉर्म बदललाय आणि त्यात आता फाइलची हॅश व्हॅल्यू भरावी लागते. दीदींनी ती काढून दिली, मला ती काय असते हे पण समजावलं, फोटोत एक ठिपका बदलला तरी तो आकडा बदलतो.

रात्री नऊपर्यंत इंडेक्स, लिस्ट ऑफ डेट्स, पिटिशन, स्टेसाठीची आयए (तोड तात्पुरती थांबवायचा अर्ज), अ‍ॅनेक्शर म्हणजे जोडलेले कागद पी-1 ते पी-14, अ‍ॅफिडेव्हिट, वकालतनामा, सगळं लागलं. पेजिंग हातानं, लाल पेननं, वरच्या उजव्या कोपऱ्यात, आणि मग पीडीएफमध्ये बुकमार्क. फिकट निघालेली सरकारी पानं दीदींनी परत टाइप करून त्याच्यामागे लावली, कारण वाचता न येणारं पान लावलं की डिफॉल्ट. दादांनी पंचनामा आणि आदेश मुद्दाम पाठोपाठ लावले, पी-5 आणि पी-6, म्हणजे पान उलटलं की तारीख समोर. असला विचार मी पैसे घेऊन काम करणाऱ्या कुठल्या दुकानात आजवर बघितला नाही.

इतकी घाई का, ते आरेमुळे. मुंबईत आरे कॉलनीतली झाडं मेट्रोच्या कारशेडसाठी तोडायची होती, 4 ऑक्टोबर 2019 ला, शुक्रवारी, हायकोर्टानं याचिका फेटाळल्या आणि त्याच रात्री करवती सुरू झाल्या. कायद्याच्या विद्यार्थ्यांनी सरन्यायाधीशांना पत्र लिहिलं, सुप्रीम कोर्टानं सुट्टीत बेंच बसवून 7 तारखेला तोड थांबवली, तोपर्यंत 2141 झाडं गेली होती. स्टे आला पण झाडंच नव्हती. नंतर 2023 मध्ये कोर्टाच्या परवानगीपेक्षा जास्त झाडांसाठी परस्पर अर्ज केला म्हणून मेट्रोला 10 लाखांचा दंड झाला, तो झाला तेव्हा मला कोणी विचारलं असतं तर मी आनंदच व्यक्त केला असता, आता वाटतं दंड म्हणजे शेवटी पावती आहे. दिल्लीच्या रिज नावाच्या जंगलपट्ट्यात 2024 च्या फेब्रुवारीत कोर्टाची परवानगी न घेता 1100 च्या आसपास झाडं पाडली, पुढच्या वर्षी मे महिन्यात कोर्टाचा अवमान सिद्ध झाला, अधिकाऱ्यांना 25,000 रुपये दंड. मथुरा-वृंदावनच्या बाजूला 454 झाडं पाडणाऱ्याला 2025 मध्ये सुप्रीम कोर्टानं झाडामागे 1 लाख लावले, तो आकडा ऐकून बरं वाटतं, पण झाडं आडवी झालीच ना. त्याच वर्षी एप्रिलमध्ये हैदराबादच्या कांचा गच्चीबावलीत मात्र सुट्टीच्या दिवसांचा फायदा घेऊन बुलडोझर घातले तेव्हा कोर्टानं स्वतःहून दखल घेऊन काम जागेवर थांबवलं, तरी तोवर शंभरेक एकर साफ झालं होतं. म्हणून ज्यांच्या झाडांवर आकडे पडलेत त्यांनी सोमवारी बघू म्हणू नका.

शुक्रवारी फाइल झालं, सरकारी वकिलांच्या ऑफिसला अ‍ॅडव्हान्स कॉपी दिली, एकच डिफॉल्ट निघाला, एका अ‍ॅनेक्शरवर ट्रू कॉपीची सही राहिली होती, आणि ती चूक आमची, दादांनी तिथे पेन्सिलची फुली मारून ठेवली होती. सोमवारी मेन्शन केलं, म्हणजे तातडीनं ऐका अशी कोर्टाला विनंती केली, मंगळवारी लागलं. मी मागच्या बाकावर होते. वकीलसाहेब एकूण सहा-सात मिनिटं बोलले असतील. ऑक्सिजनचा ऑ नाही. "पी-5 आणि पी-6 च्या तारखा बघाव्यात", एवढंच. जजसाहेबांनी पान उलटलं, परत मागे उलटलं, सरकारी वकिलांना विचारलं पाहणी आधी की परवानगी आधी, त्यांनी इन्स्ट्रक्शन घेतो, म्हणजे विभागाला विचारून सांगतो, म्हटलं, आणि पुढच्या तारखेपर्यंत एकही झाड तोडू नये अशी ऑर्डर झाली. बाहेर आल्यावर काकांना जिन्यात बसावं लागलं, पाय थरथरत होते त्यांचे.

मग विभागाचा रिटर्न म्हणजे लेखी उत्तर आलं. त्यात तारखांवर दोन ओळी आणि वृक्षारोपणावर चार पानं, एका झाडाबदली दहा रोपं लावू वगैरे. इथे मला मनापासून बोलायचंय. 14 जुलै 2024 ला रेवती रेंजवर आपण इंदूरकरांनी एका दिवसात 12 लाखांवर रोपं लावली, गिनीजमध्ये नाव गेलं, मी स्वतः तिथे होते, सहा रोपं लावली, चिखलात चप्पल तुटली तरी अनवाणी लावली, आणि मला त्याचा अभिमान आहे. पण ते रोप चिंचेच्या जागी मोजायला लागले तर ते चूक आहे. रिजॉइंडरसाठी, म्हणजे त्या उत्तरावरच्या आमच्या उत्तरासाठी, आम्ही जेसोर रोडची केस लावली, बंगालमधली, तिथल्या तीनशे-साडेतीनशे जुन्या झाडांसाठी सुप्रीम कोर्टानं तज्ज्ञांची समिती नेमली होती आणि समितीनं सांगितलं होतं की झाडाची किंमत म्हणजे त्याचं वय गुणिले 74,500 रुपये. दादांच्या कॅल्क्युलेटरवर मी चिंचेचं केलं, 60 वर्षं धरली, 44 लाख 70 हजार आले. दादांनी परत एकदा करून बघितलं. त्याच केसमध्ये 2023 ला कोर्टानं शेवटी तीनशेवर झाडं तोडायला परवानगी दिलीच, रेल्वे रुळांवरच्या उड्डाणपुलांसाठी, हे पण वकीलसाहेबांनी आम्हाला लपवलं नाही, आणि रिजॉइंडरमध्येही लपवू दिलं नाही. अर्धं जजमेंट दाखवणारी माणसं कोर्टात लगेच उघडी पडतात म्हणाले.

याच कामात दादांनी मला कपाटातून एक जुना गठ्ठा काढून दाखवला, गोदावर्मन केसच्या ऑर्डर्सचा, रिट पिटिशन 202 ऑफ 1995. निलगिरीतल्या गुडलूरच्या जंगलतोडीपासून सुरू झालेली केस, 12 डिसेंबर 1996 च्या ऑर्डरमध्ये सुप्रीम कोर्टानं म्हटलं की जंगल म्हणजे शब्दकोशातला जो अर्थ आहे तो, मालकी कोणाची का असेना, आणि केंद्रानं मंजूर केलेल्या वर्किंग प्लॅनशिवाय, म्हणजे वनव्यवस्थापनाच्या आराखड्याशिवाय, देशभर जंगलातली तोड थांबवली. 2023 मध्ये वनसंवर्धन कायदा बदलला तरी 2024 च्या फेब्रुवारीत कोर्टानं तोच 1996 चा अर्थ तूर्त पाळायला सांगितलं. तो गठ्ठा हातात घेतला तर पानं मऊ झालेली, कडा काळ्या. इतक्या लोकांनी त्याच्या झेरॉक्स नेल्यात तिथून.

निकाल काय लागला ते सांगते. तिसऱ्या तारखेला विभागानं सांगितलं की जुनी परवानगी मागे घेतो, नव्यानं पाहणी करू, रहिवाशांना बोलावून. कोर्टानं ते नोंदवलं आणि पिटिशन निकाली काढली. म्हणजे निर्णय परत त्याच टेबलावर गेला जिथून आला होता. सरकारी निर्णयाच्या अशा कोर्टातल्या तपासणीत बहुतेक वेळा एवढंच मिळतं, ज्यांना वाटतं कोर्ट झाडाला मिठी मारून उभं राहील त्यांनी हे आधीच समजून घ्यावं. पण या वेळी पाहणीला आम्ही 22 जण होतो, टेप घेऊन, आणि प्रत्येक झाडासमोर अधिकाऱ्याला लिहावं लागलं की हे का जावं किंवा का राहावं. दोन ठिकाणी नाली सरकवली, एका ठिकाणी विजेचा खांब. नव्या आदेशात 40 पैकी 14 झाडं तोडायची परवानगी आली, प्रत्येकाचं कारण लिहून. त्यात 29 नंबरचा कडुनिंब होता, ज्याखाली सकाळी पोह्यांचा ठेला लागतो. आम्ही परत कोर्टात गेलो नाही. कारण योग्य होतं, वळणावर दिसत नव्हतं समोरचं. तरी त्या दिवशी मी त्या रस्त्यानं गेले नाही. पिंपळ आणि दोन्ही जांभळं राहिली.

आता दुकानाच्या तक्रारी. बसायला एकच स्टूल आहे आणि वयस्कर माणूस सोबत असेल तर हाल होतात, काका चार तास उभे होते. पार्किंग अजिबात नाही, गाडी लांब लावून चालत या. दुपारी दीड ते दोन बंद, कितीही अर्जंट असलं तरी, आणि फोन उचलत नाहीत. रिजॉइंडरच्या वेळी एका सेटमध्ये दोन पानं उलटी लागली होती, दाखवल्यावर लगेच बदलून दिली पण घाईत असतो तर तशीच गेली असती, म्हणून सेट घेतल्यावर तिथेच उभं राहून सगळी पानं मोजा. रात्री आठनंतर थांबायचे 500 रुपये वेगळे घेतात, हे आधी सांगत नाहीत, सांगायला हवं. दर म्हणाल तर टायपिंग 25 रुपये पान, झेरॉक्स दीड रुपया, स्कॅन आणि बुकमार्कचे 3, बाइंडिंग 60. आम्हाला चार सेट, जजमेंटचं कम्पायलेशन आणि सर्टिफिकेट धरून 6,840 रुपये लागले, ऑनलाइनवाल्याचे 4500 वाया गेले ते वेगळे. कॉलनीत घरटी 200 काढले होते.

जाणाऱ्यांसाठी, माहिती अधिकारात आलेली पानं पंच करू नका, स्टेपल काढू नका, जशी आली तशी न्या, सोबत आलेलं कव्हरिंग लेटर आणि पाकीट पण न्या कारण पोस्टाचा शिक्का लागतो. फोन चार्ज करून न्या. ओळखीचं कोणी असेल तर इंग्रजी वाचणारं माणूस सोबत ठेवा, प्रूफ तुम्हालाच बघायचंय. संध्याकाळी सहाच्या सुमारास निघालात तर रीगलकडून जा, राणी सरायच्या झाडांवर पोपट परत येत असतात, त्या गोंगाटात फोनवर बोलता येत नाही इतके.

शेवटच्या दिवशी पैसे देताना मी दादांना आमच्या गल्लीत उरलेल्या चिंचा दिल्या, गेल्या वर्षी वाळवून ठेवलेल्या, त्याच झाडाच्या. त्यांनी पिशवी उघडून वास घेतला आणि दीदींना अर्ध्या दिल्या. बुंधा अजून तिथेच आहे, आणि पावसाळ्यात त्याच्या कडेनं चार-पाच फुटवे आलेत, वीतभर झालेत. नव्या पाहणीच्या यादीत ते नाहीत म्हणून सासूबाईंनी त्याभोवती विटा लावल्यात आणि मी रोज सकाळी त्याचा फोटो काढून ठेवते, तारीख, वेळ आणि लोकेशनसकट.